चौदा टोप्या

२७ जुलै २०११ या दिवशी एडविन जॅक्सन नावाचा एक पिचर उठला तेव्हा शिकागो व्हाइट सॉक्सचा होता. मग शिकागोने त्याला टोरांटो ब्लू जेजना दिलं आणि टोरांटोने त्याच दिवशी सेंट लुइस कार्डिनल्सना देऊन टाकलं. टोरांटोचा तो काही तासच होता. त्या संघाची टोपी त्याने घातली नाही, त्या मैदानावर पाय ठेवला नाही. सौद्यात त्याच्यासोबत आणखी तिघे सेंट लुइसला गेले, त्यांतला एक होता ऑक्टाव्हिओ डोटेल. डोटेल पुढच्याच वर्षी डेट्रॉइटकडून खेळला आणि तेरा वेगवेगळ्या मेजर लीग संघांकडून खेळण्याचा विक्रम त्याच्या नावावर लागला. सात वर्षांनी जॅक्सनने तो गाठला आणि आठव्या वर्षी मोडला. विक्रम करणारा आणि मोडणारा असे दोघे एकाच पार्सलमध्ये रवाना झाले होते, पण तेव्हा ते कुणाच्या ध्यानात येणार?

बेसबॉलमध्ये अशा खेळाडूला 'जर्नीमन' म्हणतात. शब्द ऐकून प्रवासाची आठवण येते, पण मूळ तिथलं नाही. फ्रेंचमध्ये 'जुर्ने' म्हणजे दिवस, दिवसभराचं काम. युरोपातल्या कारागिरांच्या संघटनांमध्ये उमेदवारी संपवलेला, काम शिकलेला, पण स्वतःचं दुकान नसलेला माणूस म्हणजे जर्नीमन. तो रोजावर राबायचा. आपल्याकडच्या बलुतेदाराशी त्याची तुलना केली की फरक लगेच दिसतो. बलुतेदाराला (व्यवस्था अन्यायाची होती, ते आहेच) गावाच्या खळ्यावर वाटा असायचा, तो गावाचा असायचा. जर्नीमन कुठल्याच गावाचा नाही. हात चालतात तोवर काम, काम आहे तोवर रोज.

आपल्याकडे क्रिकेटमध्ये या जातीचा सगळ्यात ठळक नमुना म्हणजे ॲरन फिंच. आयपीएलमध्ये तो नऊ संघांकडून खेळला. पण आयपीएल दोन महिन्यांची. फिंच ऑस्ट्रेलियाचा कर्णधार होता, घरी परतायला त्याच्याकडे एक देश होता. बेसबॉलपटूला मेजर लीगपलीकडे असं घर नसतं. मार्च ते सप्टेंबर, १६२ सामने, जवळजवळ रोज एक. ज्या संघात आहेस तेच तुझं जग.

मी ही आकडेवारी कशी वाचायला लागलो हे सांगण्यासारखं फार नाही. अमेरिकेतली संध्याकाळची मॅच आपल्याकडे पहाटे साडेचारला सुरू होते, आणि रात्रपाळीत जागा असलेल्या माणसाला फोनवर स्कोअर हलताना बघणं पुरतं. त्या स्कोअरमध्ये एक नाव दर दीड-दोन वर्षांनी नव्या रंगात दिसायचं. मला महान खेळाडूंची चरित्रं फारशी खेचत नाहीत. त्यांच्याबद्दल लिहायला पुष्कळ लोक आहेत. मला हा माणूस खेचत राहिला.

जन्म ९ सप्टेंबर १९८३, पश्चिम जर्मनीतल्या नॉय-उल्म गावात. वडील अमेरिकन सैन्यात, त्यामुळे बदल्या जन्मापासूनच. वाढला जॉर्जिया राज्यातल्या कोलंबसमध्ये. २००१ साली लॉस एंजेलिस डॉजर्सनी त्याला ड्राफ्टच्या सहाव्या फेरीत उचललं ते आउटफिल्डर म्हणून, म्हणजे मैदानाच्या टोकाला उभा राहून झेल घेणारा आणि मुख्यतः बॅटिंगसाठी घेतलेला खेळाडू. पण त्याच्या हातातला वेग पाहून क्लबने त्याला पिचर करून टाकलं. दोनच वर्षांनी, बरोबर विसाव्या वाढदिवशी, त्याला ॲरिझोनाविरुद्ध मैदानात उतरवलं. समोरचा पिचर होता रँडी जॉन्सन, सहा फूट दहा इंच उंचीचा, त्या काळातला फलंदाजांचा कर्दनकाळ, दुसऱ्या दिवशी चाळीस वर्षांचा होणारा. पोरगा जिंकला. डॉजर्स ४, ॲरिझोना १.

अशी सुरुवात माणसाला फसवते. 'बेसबॉल अमेरिका' या मासिकाने पुढच्या मोसमाआधी देशभरातल्या होतकरू खेळाडूंच्या यादीत त्याला चौथा नंबर दिला. मग २००४ आणि २००५ ही दोन वर्षं त्याची धुलाई झाली. पिचर किती चांगला हे मोजायचं जुनं माप म्हणजे ईआरए: नऊ इनिंगमागे किती रन दिले. चार म्हणजे ठीक, तीन म्हणजे उत्तम. जॅक्सनचा दोन्ही वर्षी सहाच्या वर. जानेवारी २००६मध्ये डॉजर्सनी त्याला टँपा बे डेव्हिल रेजकडे पाठवलं. तो त्याचा पहिला ट्रेड. वय बावीस.

टँपात तो तीन वर्षं राहिला. सतरा मोसमांच्या कारकिर्दीतला एका संघाबरोबरचा हा सगळ्यात लांब मुक्काम. २००७ साली ५ विजय, १५ पराभव. २००८मध्ये १४ विजय, ११ पराभव, आणि तोवर तळाला पडलेला तो संघ थेट वर्ल्ड सीरिजपर्यंत गेला. डिसेंबरमध्ये त्याला डेट्रॉइटला देऊन टाकलं. डेट्रॉइटमध्ये २००९ हे त्याचं उत्तम वर्ष: ईआरए ३.६२, ऑल-स्टार संघात निवड. डिसेंबरमध्ये पुन्हा ट्रेड, या वेळी तीन संघांच्या अदलाबदलीत ॲरिझोनाला. त्या सौद्यात उलट दिशेने डेट्रॉइटला कोण गेला? मॅक्स शेर्झर, ज्याने पुढे साय यंग पुरस्कार तीनदा जिंकला. वाईट खेळला म्हणून विकला असं झालं नाही, हे इथे बघण्यासारखं आहे. चांगला खेळला की त्याचा भाव चढायचा, आणि भाव चढला की विकायची वेळ यायची.

आता २५ जून २०१०. त्याच्या आयुष्यातल्या या एका सामन्यावर थोडं थांबतो.

ॲरिझोनाचा संघ टँपात खेळायला आला होता, म्हणजे जॅक्सन जुन्या सोबत्यांपुढे. 'नो-हिटर' म्हणजे पिचरने नऊच्या नऊ इनिंग टाकून समोरच्या संघाला एकही हिट मिळू न देणं. नो-हिटर म्हटलं की डोळ्यांपुढे काहीतरी शुद्ध, निर्मळ येतं. जॅक्सनचा तसा नव्हता. पिचरने स्ट्राइक झोनबाहेर चार चेंडू टाकले की बॅटर फुकटात पहिल्या बेसवर जातो, त्याला 'वॉक' म्हणतात. जॅक्सनने पहिल्या तीन इनिंगमध्ये सात वॉक दिले. तिसऱ्या इनिंगमध्ये तिन्ही बेस भरलेले आणि एकही जण बाद नाही, अशी अवस्था होती. तिथून तो एकही रन न देता सुटला. चेंडूंचा आकडा चढत गेला. सुरुवातीच्या पिचरला शंभरच्या आसपास चेंडू झाले की मॅनेजर उठतो, खांद्यावर हात ठेवतो आणि चेंडू काढून घेतो. कारण त्या खांद्यात क्लबचे कोट्यवधी डॉलर गुंतलेले असतात. जॅक्सनला बाहेर जायचं नव्हतं आणि मॅनेजर ए. जे. हिंचने त्याला राहू दिलं. शेवटी आकडा झाला १४९. क्रिकेटच्या हिशेबात जवळजवळ पंचवीस षटकं, तीही एका संध्याकाळी, सगळी पूर्ण वेगाने. ८ वॉक, ६ स्ट्राइकआउट, एकाला चेंडू लागला, हिट शून्य. ॲरिझोनाने अ‍ॅडम लारोशच्या एका होम रनवर सामना १-० जिंकला.

मला या सामन्यातलं सगळ्यात आवडतं ते हे की तो कुठल्याही क्षणी बिघडू शकत होता आणि बरेचदा बिघडलाच होता. टेंडुलकरच्या स्ट्रेट ड्राइव्हसारखा तो नव्हता. गळक्या छपराखाली भांडी ठेवत रात्र काढावी आणि सकाळी घर कोरडं निघावं, तसा होता.

सहा दिवसांनी, १ जुलैला, हिंचला काढून टाकलं. संघ तळाला होता, दुसरं काही नाही. आणि ३० जुलैला, नो-हिटरनंतर पस्तिसाव्या दिवशी, जॅक्सनचा शिकागो व्हाइट सॉक्सशी ट्रेड झाला.

हे कसं होऊ शकतं, असं विचारणारा जॅक्सन पहिला नव्हता आणि त्याने तसं विचारल्याचं माझ्या वाचनातही नाही. विचारणारा होता कर्ट फ्लड. तोही सेंट लुइस कार्डिनल्सचाच, बारा वर्षं सेंटर फील्ड सांभाळलेला. ऑक्टोबर १९६९मध्ये त्याला फिलाडेल्फियाला ट्रेड केलं. तेव्हाच्या करारांत 'रिझर्व्ह क्लॉज' असायचा: करार संपला तरी खेळाडूवर हक्क क्लबचाच, तहहयात. फ्लडने १९६९च्या डिसेंबरात, ख्रिसमसच्या आदल्या दिवशी, बेसबॉलच्या कमिशनरला पत्र लिहून कळवलं की मी विकत घेण्या-विकण्याची मालमत्ता नाही. कृष्णवर्णीय माणसाने अमेरिकेत हे वाक्य लिहिणं म्हणजे काय, ते वेगळं सांगायला नको. वर्षाला ९०,००० डॉलर मिळवणाऱ्याने गुलामगिरीची भाषा करावी का, असं तेव्हाही लोक म्हणाले. तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९७२ साली ५ विरुद्ध ३ मतांनी हरला. बेसबॉलला मक्तेदारीविरोधी कायद्यातून सूट देणारा १९२२चा एक निकाल न्यायालयाने कायम ठेवला. फ्लडची कारकीर्द तोवर संपली होती.

पण दार किलकिलं झालं होतं. १९७३पासून एक नियम आला: मेजर लीगमध्ये दहा वर्षं सेवा आणि त्यातली शेवटची सलग पाच एकाच संघाबरोबर झालेली असतील, तर खेळाडू ट्रेडला नकार देऊ शकतो. डिसेंबर १९७५मध्ये पीटर सीट्झ या लवादाने दोन पिचर्सच्या बाजूने निकाल दिला आणि रिझर्व्ह क्लॉज कोसळला. (मालकांनी सीट्झला लगोलग कामावरून काढलं.) त्यानंतरच्या करारात ठरलं की सहा वर्षं सेवा झाली की खेळाडू मोकळा, वाटेल त्या क्लबशी बोलणी करायला.

आता जॅक्सनला या नियमांत बसवून बघा. दहा वर्षं सेवा? झाली. त्यातली पाच एका संघात? कधीच नाही. ज्याला पाच वर्षं कुणी ठेवून घेत नाही, त्याला नकाराचा हक्क कधी मिळत नाही. आणि नकाराचा हक्क नाही म्हणून त्याला पाच वर्षं कुठे राहता येत नाही. फ्लडच्या नावाने ओळखला जाणारा हा नियम मुळात स्थिरावलेल्यांचं संरक्षण करतो. ज्याला त्याची सगळ्यात जास्त गरज, तोच बाहेर राहतो.

याचा अर्थ जॅक्सनची कीव करायची असा नाही. तो गडगंज श्रीमंत झाला, त्याचे आकडे पुढे येतीलच. पण मी स्वतः एका संध्याकाळी मीटिंगमध्ये बसलेलो असताना आम्हाला सांगितलं गेलं की तुमचं पूर्ण युनिट दुसऱ्या कंपनीने घेतलं आहे, सोमवारपासून गळ्यातलं ओळखपत्र बदलेल. पगार कमी झाला नाही. उलट थोडा वाढला. तरी घरी येताना बसमध्ये आम्ही पाचजण एकमेकांशी बोललो नाही. तेव्हापासून ट्रेडच्या बातम्या मी थोड्या वेगळ्या वाचतो, इतकंच.

आणि तो सगळ्यांना का हवा होता, तेही समजून घ्यायला हवं. बेसबॉल संघात सुरुवात करणारे पाच पिचर आळीपाळीने खेळतात; १६२ सामन्यांचे पाच वाटे केले की प्रत्येकाच्या वाट्याला बत्तीसेक येतात. पण खांदे, कोपरं, पाठी दगा देतात आणि फार थोडे जण सगळी पाळी पूर्ण करतात. जॅक्सनने २००७ ते २०१३ अशी सलग सात वर्षं दर मोसमात तीसपेक्षा जास्त सामने सुरू केले. दीडशे किलोमीटरच्या वर वेग, दुखापत नाही, तक्रार नाही. जुलैअखेर ट्रेडची मुदत जवळ आली की जेतेपदाच्या शर्यतीतल्या कुठल्या तरी संघाचा एखादा पिचर हमखास मोडलेला असतो. मग फोन फिरतात.

सेंट लुइसला तो असाच गेला आणि तिथे त्याला अंगठी मिळाली. फिलाडेल्फियाविरुद्धच्या मालिकेत संघ १-२ने मागे असताना चौथा सामना त्याने जिंकून दिला, पण लोकांच्या लक्षात तो सामना राहिलाय तो मैदानात घुसलेल्या खारीमुळे. बॅटरच्या पायाजवळून ती पळाली आणि शहरभर खारीचे टी-शर्ट विकले गेले. वर्ल्ड सीरिजचा चौथा सामना त्याने टाकला आणि सात वॉक देऊन हरला. सहावा सामना बेसबॉलच्या इतिहासातल्या सर्वांत थरारक सामन्यांत धरतात. त्यात दहाव्या इनिंगमध्ये मॅनेजरकडे बॅटिंगला पाठवायला नियमित फलंदाज उरलाच नव्हता, म्हणून जॅक्सनला बॅट देऊन पुढे केलं, नाव जाहीर झालं आणि तेवढ्यात परत बोलावून काइल लोशी या दुसऱ्या पिचरला पाठवलं. त्या महान सामन्याच्या स्कोअरबुकात जॅक्सनचं नाव आहे, एकही चेंडू न खेळलेला फलंदाज म्हणून. त्याच्या कारकिर्दीचं चित्र काढायचं झालं तर मी हे काढीन.

कार्डिनल्स जिंकले. हिवाळ्यात त्याला कोणी ठेवून घेतलं नाही. २०१२साठी वॉशिंग्टनने १ कोटी १० लाख डॉलर देऊन एका वर्षासाठी घेतलं, आणि ऑक्टोबरमध्ये वॉशिंग्टनला स्पर्धेबाहेर कोणी काढलं, तर सेंट लुइसने.

मग अखेर स्थैर्य आलं. शिकागो कब्जनी चार वर्षांचा करार दिला, ५ कोटी २० लाख डॉलरचा. पहिल्यांदाच त्याच्याकडे पत्ता होता. आणि तिथेच तो कोसळला. २०१३मध्ये १८ पराभव, नॅशनल लीगमध्ये सर्वाधिक. २०१४मध्ये ईआरए ६.३३. जुलै २०१५मध्ये कब्जनी त्याला सोडून दिलं, उरलेले पैसे स्वतःच्या खिशातून भरण्याची जबाबदारी घेऊन. यातून एक विचित्र बाजार तयार होतो. मोठी रक्कम जुना क्लब भरतोच आहे, त्यामुळे नव्या क्लबला अशा खेळाडूला फक्त किमान वेतन द्यावं लागतं. अटलांटा, मायामी, सॅन डिएगो: दीड वर्षात तीन संघ. मग बॉल्टिमोर, पुन्हा वॉशिंग्टन. हे सगळं झरझर झालं आणि झरझर वाचण्यासारखंच आहे. फार पिटला गेला.

२०१८च्या जूनमध्ये ऑकलंडचे पिचर एकामागून एक जायबंदी झाले तेव्हा त्यांनी ३४ वर्षांच्या जॅक्सनला वर आणलं. तारीख होती २५ जून, नो-हिटरला बरोबर आठ वर्षं. तेरावा संघ, डोटेलशी बरोबरी. आणि कोणाच्या ध्यानीमनी नसताना तो छान खेळला: सतरा सामने सुरू केले, ६ विजय, ३ पराभव, ईआरए ३.३३. तरुण पिचर्स त्याच्याभोवती बसलेले असायचे. त्याच्यापाशी चौदा-पंधरा वर्षांचं सगळ्या गावांचं पाणी होतं.

मे २०१९मध्ये ऑकलंडने त्याला रोख रकमेच्या बदल्यात टोरांटोला दिलं. खेळाडूच्या बदल्यात खेळाडूही नाही, रोकड. १५ मे रोजी सॅन फ्रान्सिस्कोत त्याने ब्लू जेजची टोपी घातली आणि चौदा संघांकडून खेळलेला तो पहिला माणूस झाला. २०११मध्ये ज्या टोरांटोने त्याला काही तास ठेवून घेतलं होतं, त्यांच्याकडची ही थकबाकी. तो मोसम मात्र वाईट गेला, ईआरए ९.५८, शेवटचे सामने तो पुन्हा डेट्रॉइटसाठी खेळला. एकूण हिशेब: १०७ विजय, १३३ पराभव, ईआरए ४.७८, १,५०८ स्ट्राइकआउट. हरलेले सामने जिंकलेल्यांपेक्षा सव्वीसने जास्त, आणि तरीही सतरा वर्षं दरवर्षी कोणाला ना कोणाला तो हवा होता.

२०२१मध्ये, वर्षभर उशिरा झालेल्या टोकियो ऑलिंपिकसाठी, अमेरिकेने जो संघ पाठवला त्यात चालू मेजर लीगचे खेळाडू नव्हते. होते ते उगवते आणि मावळते. टँपातला त्याचा जुना सोबती स्कॉट काझमीरही होता. अंतिम सामन्यात जपानने त्यांना २-० हरवलं. जॅक्सन रौप्यपदक घेऊन घरी गेला आणि सप्टेंबरमध्ये, अडतिसावा वाढदिवस होताच, निवृत्त झाला.

त्यानंतर दीड-दोन वर्षांनी 'इमॅक्युलेट ग्रिड' नावाचा फोनवरचा रोजचा खेळ आला. नऊ चौकोन, वर आणि बाजूला संघांची नावं, आणि प्रत्येक चौकोनात त्या दोन्ही संघांकडून खेळलेला खेळाडू लिहायचा. मेजर लीगमध्ये तीस संघ, म्हणजे जोड्या ४३५. त्यांतल्या ९१ जोड्यांचं उत्तर एकट्या एडविन जॅक्सनपाशी आहे, पाचातल्या एका जोडीचं. काही आठवड्यांत तो अमेरिकेतल्या पोरांचा लाडका झाला. ज्यांनी त्याला खेळताना पाहिलंही नव्हतं, ती त्याचं नाव टाइप करत होती. या खेळात गंमत अशी की जे उत्तर फार लोक देतात त्याला कमी किंमत, दुर्मिळ उत्तराला जास्त. त्यामुळे मुरलेले खेळाडू जॅक्सनला शक्यतो टाळतात आणि दुसरं कुणीच आठवलं नाही की मग त्याला बोलावतात. यँकीज किंवा बॉस्टन आलं की मात्र तोही कामाचा नाही. त्या दोन संघांनी त्याला कधी घेतलंच नाही.